ढगात शिरलं की शरीर खोटं बोलतं

जुन्या काळातल्या वैमानिकाचा फोटो म्हटलं की एक ठरलेलं रूप डोळ्यांपुढे येतं. चामड्याचं जाड जाकीट, डोक्याला घट्ट बसणारी टोपी, कपाळावर सरकवलेला गॉगल, गळ्यात रेशमी रुमाल आणि चेहऱ्यावर बेफिकीर हसू. यातली प्रत्येक वस्तू गरजेपोटी आली होती. कॉकपिट उघडं असायचं आणि वर हाडं गोठवणारी थंडी, म्हणून चामडं. शत्रूचं विमान कुठून येतंय हे बघायला मान सारखी इकडेतिकडे फिरवावी लागे आणि कॉलरने ती सोलवटून निघे, म्हणून रेशीम. पहिल्या महायुद्धातल्या पुष्कळ विमानांच्या रोटरी इंजिनांना वंगण म्हणून एरंडेल लागायचं. हे तेल इंजिनात जिरत नसे. ते बाहेर फेकलं जाई आणि त्याचा फवारा मागे बसलेल्या वैमानिकाच्या तोंडावर येई. म्हणून गॉगल, आणि तो पुसायला पुन्हा तोच रुमाल. तासन्‌तास एरंडेलाचे तुषार नाकातोंडात गेल्यावर पोटाचं जे व्हायचं ते होई. वर्तमानपत्रांतल्या वर्णनांत यातलं काही येत नसे. तिथे वैमानिक म्हणजे आकाशातला सरदार, मृत्यूला वाकुल्या दाखवणारा वीर.

या रूपाबरोबर एक समजूतही रुजली. खरा वैमानिक जन्माला यावा लागतो, विमान कुठे कलतंय, वर चाललंय की खाली, हे त्याला अंगालाच कळतं, खुर्चीतून पाठीला आणि मांड्यांना जे जाणवतं त्यावर तो विमान हाकतो, असं सगळेच मानत. समोरच्या तबकड्यांकडे सारखं बघणारा तो कच्चा गडी. नुसते वाचकच नव्हे, वैमानिकही असंच मानत होते, आणि या समजुतीने त्यांच्यातल्या कित्येकांचा जीव घेतला. कसा, ते समजून घ्यायचं तर 1919 च्या जूनमध्ये अटलांटिक महासागरावर जावं लागेल.

त्या वर्षी 14 जूनला जॉन अल्कॉक आणि आर्थर ब्राउन हे दोघे ब्रिटिश वैमानिक न्यूफाउंडलंडहून निघाले. विमान होतं विकर्स विमी, दोन इंजिनांचं, मुळात बाँब टाकण्यासाठी बांधलेलं. कुठेही न थांबता अटलांटिक विमानाने ओलांडणारे ते पहिलेच ठरले. सुमारे 16 तासांनी ते आयर्लंडमध्ये क्लिफ्डनजवळ उतरले. वरून हिरवंगार कुरण वाटलं ती दलदल निघाली आणि विमानाचं नाक चिखलात रुतलं. दोघंही धडधाकट बाहेर आले आणि रातोरात जगभर नाव झालं.

त्या प्रवासातला एक प्रसंग मला त्या विक्रमाहून मोठा वाटतो. वाटेत ते दाट ढगात शिरले. खाली समुद्र दिसेना, वर आकाश दिसेना, विमानाचं टोकही दिसेना. अल्कॉक मुरलेला वैमानिक होता, तरी काही क्षणांत त्याला विमान सरळ आहे की आडवं हेच कळेनासं झालं. विमान गिरक्या घेत खाली कोसळू लागलं. उंची दाखवणारा काटा भराभर उतरत होता. सुमारे 4000 फुटांवरून कोसळत ते ढगातून बाहेर पडले तेव्हा समुद्र शंभरेक फुटांवर आला होता, आणि तो खाली नव्हता. तो बाजूला भिंतीसारखा उभा दिसत होता. विमानच इतकं कललेलं होतं, आणि दोघांच्याही शरीराला त्याचा पत्ता नव्हता. समुद्र दिसला त्या क्षणी अल्कॉकचं डोकं ठिकाणावर आलं. त्याने विमान सावरलं आणि लाटांना जवळजवळ घासत ते पुढे निघाले.

शरीराला पत्ता का लागला नाही, हे जरा सावकाश बघू.

आपल्या आतल्या कानात अगदी बारीक अशा तीन अर्धवर्तुळाकार नलिका असतात, एकमेकींना काटकोनात. त्यांत द्रव भरलेला असतो. डोकं फिरलं की नलिका लगेच फिरते, पण आतला द्रव क्षणभर मागे राहतो. त्यामुळे नलिकेतला एक मऊ पडदा वाकतो, त्याला जोडलेल्या केसांसारख्या तंतूंच्या पेशी मेंदूला कळवतात की आपण फिरतोय. चालताना, पळताना, झाडावर चढताना ही रचना उत्तम काम करते. पण तिला फिरण्यातला बदल कळतो, फिरणं कळत नाही. एकाच वेगाने फिरत राहिलात की दहा-वीस सेकंदांत तो द्रवही नलिकेच्या वेगाने फिरू लागतो, पडदा सरळ होतो आणि मेंदूला निरोप जातो की आता सगळं स्थिर आहे. मग थांबलात की द्रव थांबत नाही, पडदा उलट्या बाजूला वाकतो आणि आपण उलटे फिरतोय असं वाटायला लागतं. फुगडी थांबल्यावर अंगण फिरताना दिसतं ते यामुळेच. अंगणात निदान डोळे उघडे असतात, पायाखाली जमीन असते, दोन क्षणांत हिशेब जुळतो. ढगात डोळ्यांना धरायला काहीच नसतं.

दुसरी अडचण याहून वाईट. फिरणं फार हळू असेल, सेकंदाला साधारण दोन अंशांच्या आत, तर कानाला ते मुळीच जाणवत नाही. आता आकडा मांडून बघा. हवेच्या हलक्या धक्क्याने विमान सेकंदाला दीड अंश या गतीने डावीकडे कलू लागलं, तर वीस सेकंदांत ते तीस अंश कललेलं असेल. उघड्या हवेत एवढा कल कुणाच्याही नजरेत भरेल. ढगात वैमानिक शांत बसलेला असतो, कारण त्याच्या लेखी काहीच घडलेलं नाही.

मग खुर्चीतून पाठीला जाणवतं त्याचं काय? ते तर सपशेल फसवतं. विमान नीट वळत असतं तेव्हा वजन आणि वळणाचा जोर मिळून जो एकत्रित जोर बनतो तो थेट विमानाच्या तळाच्या दिशेने लागतो. कॉकपिटात दोरीला वजन बांधून टांगलं तर वळणातही ते सरळ फरशीकडेच बोट दाखवेल. आपलं शरीर म्हणजे या बाबतीत तेच टांगलेलं वजन. तीस अंशांच्या वळणात वजन जेमतेम पंधरा टक्क्यांनी वाढल्यासारखं वाटतं, आणि घाबरलेल्या माणसाच्या ते लक्षातही येत नाही. म्हणजे विमान कललेलं, वळणारं, आणि शरीर सांगतंय की सरळ बसलोय.

यापुढे जे होतं त्याला वैमानिकांच्या भाषेत ‘ग्रेव्हयार्ड स्पायरल’, म्हणजे स्मशानाकडे नेणारी गिरकी, म्हणतात. विमान कललं की पंखांचा वर उचलणारा जोरही तिरका होतो, त्यातला थोडा भाग वळवण्यात खर्च होतो, नाक खाली जातं आणि वेग वाढतो. वैमानिकाला वाऱ्याचा आवाज चढलेला ऐकू येतो, उंचीचा काटा उतरताना दिसतो. त्याची खात्री असते की पंख सरळ आहेत आणि विमान फक्त खाली चाललंय. मग तो काय करणार? कुणीही करील तेच, दांडा मागे ओढून नाक वर घ्यायला बघतो. पण पंख तिरके असल्यामुळे तो जोर विमानाला वर न उचलता आणखी आत वळवतो. गिरकी आवळते, वेग आणखी वाढतो, तो आणखी जोराने ओढतो. आणि एखाद्याने या गोंधळात चुकून पंख सरळ केलेच, तर कानातला द्रव ओरडून सांगतो की तू उलट्या बाजूला कललास, आणि तो बिचारा स्वतःच्या हाताने विमान पुन्हा मूळच्या गिरकीत घालतो.

यात हिंमत कुठे कमी पडली? कुठेच नाही. जितका माणूस स्वतःच्या अंगच्या कसबावर विसंबून, तितका तो लवकर मरायचा. खुद्द अल्कॉक त्याच वर्षी 18 डिसेंबरला फ्रान्समध्ये रुआंजवळ धुक्यात विमान कोसळून गेला. अटलांटिक ओलांडून जेमतेम सहा महिने झाले होते.

कसलेल्या वैमानिकांना धुक्याची धास्ती होतीच. अमेरिकेत 1918 मध्ये टपालाची विमानसेवा सुरू झाली. पुढच्याच वर्षी जुलैत न्यूयॉर्कजवळच्या बेलमाँट पार्कवर दाट धुकं असताना लिऑन स्मिथ नावाच्या वैमानिकाने उडायला नकार दिला. त्याच्या जागी ज्याला सांगितलं त्यानेही नकार दिला. दोघांनाही कामावरून काढलं, तेव्हा बाकीच्या वैमानिकांनी संप केला आणि खात्याला काही दिवसांतच तडजोड करावी लागली. धाडसाच्या गोष्टींत हा संप सहसा येत नाही, पण मला तो फार मोलाचा वाटतो. आपल्या मर्यादा कुठे संपतात हे त्या माणसांना ठाऊक होतं आणि नोकरी पणाला लावून त्यांनी ते सांगितलं.

धुक्यावरचा इलाज तोवर तयार होऊ लागला होता. जोरात फिरणारा भोवरा जसा पडायला तयार नसतो, तसं वेगाने फिरणारं जड चाक आपल्या आसाची दिशा सोडत नाही. या चाकाला सगळीकडे वळू शकेल अशा चौकटीत बसवलं की झाला जायरोस्कोप. बाहेरचं विमान कसंही कलो, आतलं चाक आपल्या जागी ठाम. त्याला कान नाहीत, त्याला भीती नाही. अमेरिकेतल्या एल्मर स्पेरीने जहाजांसाठी यावर पुष्कळ काम केलं आणि त्याचा मुलगा लॉरेन्स याने ते विमानात आणलं. 1914 च्या जूनमध्ये पॅरिसजवळ सीन नदीवर विमान-सुरक्षेची स्पर्धा होती. लॉरेन्सने प्रेक्षकांसमोरून विमान नेलं तेव्हा त्याचे दोन्ही हात वर होते आणि त्याचा मेकॅनिक पंखावर चालत होता. विमान जायरोस्कोपच सांभाळत होता. लोकांनी टाळ्या पिटल्या त्या दोघांच्या धाडसाला, पण त्या दिवशी खरं काम फिरणाऱ्या चाकाने केलं होतं. पुढे याच तत्त्वावर विमान किती वेगाने वळतंय हे दाखवणारा काटा बनला.

यंत्र हाताशी आलं तरी त्यावर विश्वास कोण ठेवणार, हा प्रश्न राहिलाच, आणि तो सुटायला दहा-बारा वर्षं लागली. 1926 मध्ये सॅन फ्रान्सिस्कोत अमेरिकी लष्कराचे डॉक्टर डेव्हिड मायर्स वैमानिकांची तपासणी करत. त्यांच्याकडे गोल फिरणारी खुर्ची होती. डोळे बांधून माणसाला तीत बसवायचं, खुर्ची फिरवायची आणि विचारायचं, कुठल्या बाजूला फिरतोयस? विल्यम ओकर हा अनुभवी वैमानिक त्यांच्यापुढे आला. खुर्ची सुरू झाली तेव्हा त्याने बरोबर सांगितलं. ती एका वेगाने फिरत राहिली तेव्हा तो म्हणाला, थांबली. वेग कमी केला तेव्हा म्हणाला, आता उलट फिरतेय. तिन्ही वेळा तो मनापासून, खात्रीने सांगत होता. त्याला धक्का बसला असणारच, कारण इतकी वर्षं याच खात्रीवर तो आकाशात जात होता.

त्याने पुढे जे केलं त्याला माझ्या लेखी तोड नाही. तो एक पेटी घेऊन परत आला. आत वळण दाखवणारा काटा, होकायंत्र आणि बारीक दिवा. खुर्चीत बसून त्याने तोंड त्या पेटीत घातलं, म्हणजे बाहेरचं काहीच दिसणार नाही, आणि डॉक्टरांना म्हणाला, फिरवा. या वेळी त्याची सगळी उत्तरं बरोबर आली. अंग जे सांगत होतं ते त्याने बाजूला ठेवलं आणि काटा जे सांगत होता ते बोलला. पुढे कार्ल क्रेन या सहकाऱ्याबरोबर त्याने टेक्सासात वैमानिकांना हीच गोष्ट पद्धतशीर शिकवायला घेतली. दोघांनी कबुतरांवरही प्रयोग केले. डोळे बांधलेली कबुतरं विमानातून सोडली तेव्हा त्यांनाही नीट उडता येईना. जन्मजात उडणाऱ्या पाखरालाही क्षितिज दिसल्याशिवाय जे जमत नाही, ते माणसाला अंगच्या गुणाने जमेल ही आशाच फोल होती. 1930 मध्ये ओकरने झाकलेल्या कॉकपिटातून सॅन अँटोनिओहून इलिनॉयपर्यंत सुमारे 1400 किलोमीटरचा प्रवास केला.

त्याच्या आदल्या वर्षी न्यूयॉर्कजवळ लाँग आयलंडवर जिमी डूलिटलने या कथेला निर्णायक वळण दिलं. डूलिटल म्हणजे त्या काळच्या मर्दुमकीच्या चित्रात चपखल बसणारा माणूस. शर्यती जिंकणारा, कसरती करणारा, 1922 मध्ये एका दिवसाच्या आत अमेरिका आडवी ओलांडणारा. पण याच माणसाने 1925 मध्ये एमआयटीतून विमानशास्त्रात डॉक्टरेट घेतली होती, हे फारसं सांगितलं जात नाही. विमानविद्येला पैसा पुरवणाऱ्या गुगेनहाइम निधीच्या मदतीने त्याने मिचेल फील्डवर धुक्यातल्या उड्डाणाचा अभ्यास हाती घेतला. विमानात तीन नवी साधनं बसवली. पॉल कोल्समनचा उंचीमापक, जो जुन्या मापकांपेक्षा कितीतरी पटींनी बारीक फरक दाखवायचा. स्पेरी कंपनीचं कृत्रिम क्षितिज, म्हणजे काचेमागे एक आडवी रेघ आणि छोटंसं विमान, बाहेर काही दिसत नसलं तरी विमान किती कललंय ते नजरेला थेट दाखवणारं. आणि दिशा धरून ठेवणारा जायरो. शिवाय धावपट्टीच्या दिशेने रेडिओची लहर सोडलेली होती. कॉकपिटात दोन पातळ पट्ट्या थरथरत, दोन्ही सारख्या थरथरल्या की विमान वाटेवर आहे असं समजायचं.

24 सप्टेंबर 1929 च्या सकाळी डूलिटल मागच्या कॉकपिटात बसला आणि वरून जाड कापडी झाकण ओढून घेतलं. पुढे बेन केल्सी नावाचा लेफ्टनंट होता, काही बिघडलंच तर सांभाळायला. पण विमान मी चालवत नाही हे जमिनीवरच्या लोकांना दिसावं म्हणून केल्सीने आपले हात बाहेर ठेवले होते. डूलिटलने विमान उडवलं, वळवलं, परत आणलं आणि उतरवलं. साधारण पंधरा मिनिटं. बाहेरचा उजेडही त्याला दिसला नव्हता. उतरणं जरा ओबडधोबड झालं, पण विमान सुरुवातीपासून शेवटपर्यंत केवळ यंत्रांवर चालवता येतं हे त्या सकाळी सिद्ध झालं. आज आपण मुसळधार पावसात रात्री मुंबईला उतरतो, त्याची सुरुवात तिथली.

आपल्याकडे विमान-टपालाची सुरुवात याच सुमाराची. जे. आर. डी. टाटांनी 15 ऑक्टोबर 1932 ला कराचीहून अहमदाबादमार्गे जुहूला टपाल आणलं, छोट्याशा पस मॉथ विमानातून. तेव्हा ना रेडिओ होता, ना वाट दाखवणारी कुठली सोय. जुहूचं मैदान पावसाळ्यात पाण्याखाली जाई, म्हणून त्या दिवसांत विमानं पुण्यात येरवड्याच्या तुरुंगाजवळच्या छोट्या मैदानावरून उडत. पश्चिम घाटावरचा जुलै-ऑगस्टमधला ढग ज्याने खंडाळ्यात उभं राहून पाहिलाय त्याला हे किती कठीण असेल याची कल्पना येईल. तरी पहिल्या वर्षभरात टपाल एकदाही चुकलं नाही. सरकारी हवाई खात्याच्या अहवालात या शंभर टक्के वक्तशीरपणाची खास दखल घेतलेली आहे. वक्तशीरपणाच्या गोष्टी होत नाहीत, विक्रमांच्या होतात. माझ्यासाठी हा विक्रमच आहे.

हे सारं जुन्या विमानांपुरतं होतं असं कुणी समजू नये. 1954 मध्ये इलिनॉय विद्यापीठात यंत्रांवर उडण्याचं शिक्षण नसलेल्या वीस वैमानिकांना ढगात शिरल्यासारखी परिस्थिती दिली. वीसच्या वीस जणांचा ताबा सुटला. कुणी वीस सेकंद टिकला, कुणी आठ मिनिटं. सरासरी निघाली 178 सेकंद, म्हणजे तीन मिनिटंही नाहीत. कान तेच आहेत, त्यांत सुधारणा होत नाही.

यंत्रच खोटं बोललं तर काय, हा प्रश्न कुणाच्याही मनात येईल. त्याचं उत्तर मुंबईने फार मोठी किंमत मोजून पाहिलंय. 1 जानेवारी 1978 च्या रात्री एअर इंडियाचं ‘सम्राट अशोक’ हे जंबो जेट सांताक्रूझहून दुबईला निघालं. किनारा ओलांडताना ते किंचित उजवीकडे वळलं आणि मग सरळ झालं, पण कॅप्टनसमोरचं कृत्रिम क्षितिज उजवीकडे कललेलंच दाखवत राहिलं. पुढे काळोखा अरबी समुद्र होता, बाहेर बघून खातरजमा करायला एकही दिवा नव्हता. कॅप्टनने विमान डावीकडे कलवलं आणि कलवतच नेलं. सहवैमानिकासमोरचं यंत्र बरोबर होतं. फ्लाइट इंजिनिअरने त्या चुकीच्या यंत्रावर जाऊ नका असं सुचवायचा प्रयत्नही केला. पण वेळ उरली नव्हती. उड्डाणानंतर दोन मिनिटांच्या आत, वांद्र्यापासून सुमारे तीन किलोमीटरवर, विमान समुद्रात कोसळलं. 213 माणसं गेली. कुठल्याही एका तबकडीवर डोळे खिळवायचे नाहीत, शेजारच्या दुसरीशी आणि तिसरीशी ती सारखी पडताळून बघायची, आणि दोन सांगतात ते एक सांगत नसेल तर त्या एकीला सोडायचं, ही सवय म्हणूनच वैमानिकाच्या नजरेत भिनवावी लागते.

म्हणून आजही विमान शिकणाऱ्याला या भ्रमाची चव मुद्दाम देतात. बेंगळुरूला हवाई दलाच्या वैद्यकीय संस्थेत वैमानिकांना हा अनुभव जमिनीवरच घ्यायला लावतात. नागरी शिक्षणात शिकाऊ वैमानिकाच्या डोळ्यांवर झापड बांधतात, अशी की फक्त तबकड्या दिसाव्यात. शिक्षक सांगतो, मान खाली घाल, डोळे मीट. मग तो विमान थोडं इकडे, थोडं तिकडे, इतक्या हळुवार कलवतो की पोराला वाटतं सरळच चाललोय. डोळे उघडून तबकड्या पाहिल्या की कळतं, नाक खाली गेलंय, वेग वाढतोय, पंख तिरके आहेत. हात आपोआप दांडा मागे ओढायला जातो, आणि तोच हात रोखायला शिकवतात. आधी इंजिनाचा जोर कमी करायचा. मग कृत्रिम क्षितिजाकडे बघून पंख सरळ करायचे, अंग कितीही ओरडलं तरी. पंख सरळ झाल्यावरच नाक वर घ्यायचं. हा क्रम उलटा झाला तर गिरकी आवळते, म्हणून शिक्षक तो पुन्हा पुन्हा करून घेतो, अंगाने सांगितलेलं न ऐकता हात चालू लागेपर्यंत.